ग्लूमहेवनमध्ये पात्र वाढवायचं कसं? सांगली-मिरजेच्या नव्या भिडूंसाठी

आमच्या विश्रामबागेतल्या गच्चीवरच्या खोलीत रविवारी जो नवा गडी येतो, तो पहिला दरवाजा उघडायच्या आतच विचारतो, "माझी लेव्हल कधी वाढणार?" मोबाइलवरच्या खेळांनी लावलेली ही सवय. तिथे राक्षस मारला की गुण मिळतात आणि गुण साठले की ताकद वाढते. ग्लूमहेवन या टेबलावर पत्त्यांनी मिळून खेळायच्या खेळात राक्षस मारून एकही एक्सपी, म्हणजे अनुभवाचा गुण, मिळत नाही. लेव्हल वाढली तरी हातातले पत्ते तेवढेच राहतात. ब्रूट या पात्राचे दहा पत्ते नवव्या लेव्हललाही दहाच. म्हणजे पात्र वाढवायचं तर काय घ्यायचं यापेक्षा काय काढून टाकायचं हे ठरवायला शिकावं लागतं. नियमपुस्तकात हे सगळं आहे, पण वेगवेगळ्या पानांवर विखुरलेलं आहे. ते इथे खेळताना लागतं त्या क्रमाने मांडतो.

आधी थोडी ओळख. आयझॅक चिल्ड्रेस यांचा हा खेळ २०१७ साली आला. पेटी जवळपास दहा किलोची. आत ९५ सिनारिओ, म्हणजे एका बैठकीत खेळायचे डाव, आणि १७ प्रकारची पात्रं आहेत. त्यातली सहा सुरुवातीला खुली असतात: ब्रूट, टिंकरर, स्पेलवीव्हर, स्काउंड्रल, क्रॅगहार्ट आणि माइंडथीफ. बाकीच्या पेट्या सीलबंद. त्या "फक्त बघतो" म्हणून उघडणाऱ्या भिडूला चहा देऊ नये. इथले आकडे पहिल्या आवृत्तीचे आहेत. नव्या दुसऱ्या आवृत्तीत बरंच बदललंय, म्हणून आधी आपल्या पेटीवर काय लिहिलंय ते बघा. तुमच्याकडे धाकटी पेटी, म्हणजे २०२० ची 'जॉज ऑफ द लायन' असेल, तर पहिले चार टप्पे जवळपास तसेच लागू पडतात. तिच्यात चार पात्रं आणि २५ सिनारिओ आहेत, पण निवृत्ती आणि पत्त्यांवर स्टिकर लावणं नाही.

लागणारं सामान

- पात्राचा कागद, पेन्सिल आणि खोडरबर. पेन अजिबात नको.
- तुमच्या पात्राचे पत्ते आणि हल्ल्याचा जोर कमी-जास्त करणारी वीस पत्त्यांची मॉडिफायर गड्डी.
- जीव आणि एक्सपी मोजायची चकती.
- पत्त्यांसाठी प्लास्टिकची पाकिटं, निदान मॉडिफायर गड्डीसाठी तरी. ती सतत पिसावी लागते.
- कप्प्यांचा प्लास्टिकचा डबा, कटलरीच्या दुकानात मिळतो तसला.
- एक वही. कोण कुठल्या लेव्हलला आहे, कुणाकडे किती सोनं आहे, कोण गैरहजर होतं, हे तिच्यात लिहायचं.

आणि एक सक्त नियम: भडंग खेळ संपल्यावर. तेल-तिखटाची बोटं पत्त्याला लागली की तो पत्ता पाठीमागून ओळखू येतो, आणि मग गड्डी पिसण्याला काही अर्थ राहत नाही. पावसाळ्यात पत्ते दमट होऊन वाकतात, तेव्हा पेटी भिंतीला टेकवून ठेवू नका. गावभागातल्या भिडूकडे पेटी असेल तर ती माळ्यावर. २०१९ चा पूर ज्यांनी पाहिलाय त्यांना कारण सांगावं लागत नाही.

१. एक्सपी कुठून येतो ते ओळखा

मुख्य वाटा दोन आहेत. काही पत्त्यांवर छोट्या चिन्हात १ किंवा २ असा आकडा असतो. ती खेळी केली की तेवढा एक्सपी लगेच चकतीवर चढवायचा. "नंतर मोजू" म्हणणाऱ्याचा हमखास बुडतो, कारण तिसऱ्या खोलीत पोचेपर्यंत पहिल्या खोलीत काय खेळलो ते कुणालाच आठवत नाही.

दुसरी वाट म्हणजे सिनारिओ जिंकल्यावरचा बोनस: ४ अधिक सिनारिओच्या लेव्हलची दुप्पट. लेव्हल १ चा सिनारिओ जिंकला की ६, लेव्हल ३ चा जिंकला की १०. हरलात तर बोनस जातो, पण पत्त्यांवर कमावलेला एक्सपी आणि उचललेलं सोनं तुमचंच राहतं. हरल्यावर चेहरा पाडून बसलेल्या नव्या भिडूला हे आधी सांगा.

लेव्हल वाढायला एकूण एक्सपी असा लागतो: दुसरीला ४५, तिसरीला ९५, चौथीला १५०, पाचवीला २१०, सहावीला २७५, सातवीला ३४५, आठवीला ४२०, नववीला ५००. प्रत्येक पायरी आधीच्यापेक्षा पाचने मोठी. सिनारिओमागे पत्त्यांवर आठ-नऊ आणि वर सहाचा बोनस धरला, तर तीन-चार विजयांत पहिली लेव्हल वाढते.

आता यातला सगळ्यात मोठा सापळा. जास्त एक्सपी देणारे पत्ते बहुधा जळणारे असतात: एकदा खेळले की त्या सिनारिओपुरते गेले. नवा गडी एक्सपीच्या मोहाने पहिल्याच खोलीत दोन पत्ते जाळतो आणि शेवटच्या खोलीत दमून पडतो. हिशेब करून बघा. फक्त छोट्या विश्रांती (टाकलेल्या पत्त्यांतला एक गमावून बाकीचे परत हातात घेणं) घेतल्या, एकही पत्ता जाळला नाही आणि घाव चुकवायलाही पत्ता टाकला नाही, तर ८ पत्त्यांचं पात्र १६ फेऱ्या टिकतं, ९ चं २०, १० चं २५, ११ चं ३० आणि १२ चं ३६. दहा पत्त्यांच्या ब्रूटने पहिल्या विश्रांतीआधी एकच पत्ता जाळला की २५ च्या २१ होतात. दोन एक्सपीसाठी चार फेऱ्या गेल्या. तोच पत्ता शेवटून दुसऱ्या विश्रांतीनंतर जाळला तर जेमतेम एखादी फेरी जाते.

म्हणून शेवटचा दरवाजा उघडेपर्यंत जळणारे पत्ते दाबून धरा. त्यानंतर खुशाल जाळा, एक्सपीही तेव्हाच गोळा होतो. अपवाद अशा पत्त्यांचा, जे एकदा मांडले की सिनारिओ संपेपर्यंत समोर राहून काम करत राहतात. ते लवकर मांडण्यात फायदा असू शकतो.

२. लेव्हल वाढताना पत्ता निवडणं

लेव्हल फक्त ग्लूमहेवन शहरात परतल्यावर वाढते, मधल्या वाटेवर नाही. आणि एक्सपी पुरेसा झाला की ती वाढवावीच लागते. "पुढच्या वेळी वाढवतो, आत्ता राक्षस सोपे राहू देत" ही पळवाट नियमात नाही.

लेव्हल वाढली की तीन गोष्टी होतात. जीव वाढतो, एक पर्क (मॉडिफायर गड्डी सुधारायची मुभा) मिळतो आणि तुमच्या साठ्यात एक नवा पत्ता येतो. जिवाची वाढ पात्रागणिक वेगळी आहे. ब्रूट १० पासून दोन-दोनने चढत २६ ला पोचतो, स्पेलवीव्हर ६ पासून एकेकाने फक्त १४ पर्यंत. स्पेलवीव्हर घेतलेल्याने "आता माझी लेव्हल पाच" म्हणून दारात पुढे उभं राहू नये, एवढाच याचा अर्थ.

नव्या पत्त्याच्या बाबतीत प्रत्येक लेव्हलला दोन पत्ते समोर येतात आणि त्यातला एक घ्यायचा असतो. दोन्ही नको असतील तर मागच्या लेव्हलचा सोडलेला पत्ताही घेता येतो. ही सवलत खूप जण विसरतात आणि नाइलाजाने नको तो पत्ता उचलतात. शिवाय पहिल्या लेव्हलपासून तुमच्याकडे एक्स लेव्हलचे तीन पत्ते असतातच. ते बाजूला पडून धूळ खातात, आणि त्यातच कधी कधी हवा तो पत्ता सापडतो.

निवडताना आम्ही हा क्रम पाळतो:

आधी ठरवा, हातातून बाहेर कोण जाणार. पत्त्यांची संख्या पक्की असल्याने आत येणारा प्रत्येक पत्ता कुणाची तरी जागा घेतो. बाहेर जाणाऱ्याचं नाव ठरत नसेल, तर नवा पत्ता कितीही देखणा असो, तुम्हाला त्याची गरज नाही.

मग वरचा आणि खालचा भाग वेगवेगळा बघा. प्रत्येक फेरीत एका पत्त्याचा वरचा भाग आणि दुसऱ्याचा खालचा भाग खेळायचा असतो. दहाही पत्त्यांचे वरचे भाग जबरदस्त आणि खाली चालच नाही, तर तुम्ही राक्षसापर्यंत पोचणार कसे? असा स्काउंड्रल आम्ही पाहिलाय. दाराशी उभा राहून टाळ्या वाजवत होता.

नंतर इनिशिएटिव्हचा आकडा. लहान आकडा म्हणजे आधी खेळायला मिळतं. वीसच्या आतले दोन-तीन पत्ते हातात हवेतच, आणि मुद्दाम शेवटी खेळायला ऐंशीच्या आसपासचा एखादा. मोठा हल्ला असलेला पत्ता घ्यायच्या नादात तुमचा एकुलता एक वेगवान पत्ता बाहेर तर जात नाही ना, हे बघा.

सगळ्यात शेवटी हल्ल्याचा आकडा. नवे खेळाडू इथूनच सुरुवात करतात.

३. पर्क: आधी वाईट पत्ते काढा

खरी वाढ इथे होते, आणि इथेच लोक सगळ्यात कमी विचार करतात.

प्रत्येक हल्ल्याला मॉडिफायर गड्डीतून एक पत्ता उलटायचा. मूळच्या वीस पत्त्यांत सहा शून्याचे, पाच 'अधिक एक'चे, पाच 'उणे एक'चे, एक 'अधिक दोन'चा, एक 'उणे दोन'चा, एक दुप्पट करणारा आणि एक पूर्ण फुकट जाणारा. म्हणजे विसातले सात पत्ते तुमच्या विरुद्ध: शंभरात पस्तीस.

खेळताना पर्क दोन मार्गांनी मिळतात. प्रत्येक लेव्हलला एक, आणि बॅटल गोलच्या, म्हणजे त्या सिनारिओपुरत्या ध्येयाच्या, खुणांमधून. सिनारिओआधी दोन गोल पत्ते मिळतात. एक ठेवायचा, तो गुप्त. सिनारिओ जिंकला आणि गोलही साधला तरच एक किंवा दोन खुणा मिळतात. तीन खुणा झाल्या की एक पर्क. कागदावर एकूण १८ खुणांची जागा असते, म्हणजे या वाटेने जास्तीत जास्त सहा पर्क.

पर्कची यादी पात्राच्या कागदावर छापलेली असते. तिथे "दोन 'अधिक एक' घाला" आणि "दोन 'उणे एक' काढा" असे पर्याय शेजारी दिसले की हात आपोआप पहिल्याकडे जातो. गणित दुसऱ्याच्या बाजूने आहे. मूळ गड्डीची बेरीज शून्य. दोन उणे एक काढले की अठरा पत्त्यांत अधिक दोन. दोन 'अधिक एक' घातले की बावीस पत्त्यांत अधिक दोन. बेरीज तीच, पण अठराची गड्डी लहान, म्हणून सरासरी थोडी जास्त, आणि मुख्य म्हणजे वाईट पत्ते सातावरून पाचावर येतात. माइंडथीफ, स्काउंड्रल आणि टिंकरर यांना हा पर्क दोनदा घेता येतो. दोन्ही घेतले की सोळा पत्त्यांत वाईट तीनच उरतात: शंभरात पस्तीसवरून एकोणीसच्या खाली.

आमच्यातल्या तासगावच्या द्राक्ष बागायतदाराला हे कुणी समजावून सांगावं लागलं नाही. "छाटणी केल्याशिवाय घड धरत नाय," म्हणाला, आणि सरळ दोन उणे एक खोडले.

"चार शून्य काढा" हा पर्क मात्र दिसतो तितका साधा नाही. गड्डी सोळाची होते, चांगले पत्ते वारंवार येतात, पण उरलेले उणे पत्ते आणि तो फुकट जाणारा पत्ताही वारंवार येतो. म्हणून आधी उणे पत्ते काढा, मग शून्य. स्पेलवीव्हर किंवा क्रॅगहार्ट घेतला असेल तर हा क्रम जास्त लक्षात ठेवा, कारण त्यांच्या यादीत "चार शून्य काढा" मोहात पाडणाऱ्या जागी बसलेला आहे.

बॅटल गोलबद्दल एक विनंती. दोन खुणांच्या लोभाने एखादा मुद्दाम मागे रेंगाळतो आणि बाकीचे तिघं पुढे मार खातात. सिनारिओ हरला तर त्याच्याही खुणा जातात. अशा वेळी आमच्याकडे "भावा, गोल घरी ने, दरवाजा उघड" एवढंच म्हटलं जातं.

४. सोनं आणि सामान

पहिल्या लेव्हलच्या पात्राला ३० सोनं मिळतं. एकच भारी वस्तू घ्यावी की दोन हलक्या, हा वाद प्रत्येक टोळीत होतो. माझं मत: दहा सोन्याची मायनर स्टॅमिना पोशन जवळपास सगळ्यांनी घ्यावी. ती टाकलेल्या पत्त्यांतले दोन परत हातात आणते. वर सांगितलेला फेऱ्यांचा हिशेब आठवला की तिची किंमत कळते. उरलेल्या वीसमध्ये चपळ पात्राला बूट्स ऑफ स्ट्रायडिंग, अंगावर घाव घेणाऱ्याला लेदर आर्मर.

चिलखत घेताना कोपऱ्यातलं चिन्ह वाचा. हाइड आर्मर दहाच सोन्याला मिळतं, पण ते घातलं की त्या सिनारिओत तुमच्या गड्डीत दोन उणे एक येतात. मेहनतीने काढलेले पत्ते दहा सोनं देऊन परत आणल्यासारखं होतं. ब्रूटच्या यादीत सामानाचे असे तोटे टाळणारा पर्क आहे, तो घेतला असेल तर गोष्ट वेगळी.

डोकं, अंग आणि पाय यांना एकेक वस्तू, हातांत दोन. छोट्या वस्तू लेव्हलच्या निम्म्या, वरच्या पूर्णांकात: पहिल्या-दुसऱ्या लेव्हलला एक, तिसरीपासून दोन, पाचवीपासून तीन. तिसरी लेव्हल एवढी हवीहवीशी का वाटते ते यात आहे. वस्तू विकली तर निम्मेच पैसे येतात.

सोन्याची नाणी ज्याने उचलली त्याची. एकमेकांना सोनं देणं, वस्तू देणं, उधारी, काही चालत नाही. ऐन वेळी "दहा दे की, पुढच्या वेळी देतो" म्हणणारा प्रत्येक टोळीत असतोच, त्याला नियमपुस्तक दाखवा. आणि आपल्या पाळीच्या शेवटी तुम्ही ज्या घरात उभे आहात तिथलंच नाणं आपोआप मिळतं. शेजारच्या घरांतलं उचलायला लूटचा पत्ता लागतो.

दहा सोनं शिल्लक असेल तर देवळात दान करा. पुढच्या सिनारिओसाठी गड्डीत दोन ब्लेस पत्ते येतात. ते हल्ला दुप्पट करतात आणि निघाले की गड्डीबाहेर जातात.

५. टोळीतले भिडू वर-खाली असतील तर

आमच्याकडे हा प्रश्न दरवर्षी येतो. जानेवारी ते मार्च द्राक्षाच्या हंगामात तासगावचा गडी गायब. पुण्यात नोकरी करणारे दोघं गणपतीला आणि दिवाळीला उगवतात. परिणामी एक पात्र पाचव्या लेव्हलला, दुसरं दुसऱ्या.

खेळाला याचं वावडं नाही. हजर पात्रांच्या लेव्हलची सरासरी काढा, निम्मी करा, अपूर्णांक आला तर वरचा आकडा घ्या. लेव्हल ५, ३, २ आणि २ असतील तर सरासरी ३, निम्मे दीड, म्हणून सिनारिओची लेव्हल २. तेव्हा राक्षस दोनचे, सापळ्याचा घाव ४, एका नाण्याला ३ सोनं आणि जिंकल्याचा बोनस ८. फक्त पाचवीवाला आणि तिसरीवाला हजर असले तर सरासरी ४, सिनारिओ तरीही २. गैरहजर माणसाचं पात्र धरून गणित करू नका, राक्षसांची संख्याही हजर असलेल्यांवरूनच ठरते.

अगदीच नवा भिडू मोहिमेच्या मध्यात आला तर त्याला पहिल्या लेव्हलवर कुजत ठेवायची गरज नाही. शहराची प्रॉस्पेरिटी (भरभराटीची) लेव्हल जेवढी, तिथपर्यंतच्या कुठल्याही लेव्हलला तो सुरुवात करू शकतो. एक्सपी त्या लेव्हलच्या किमान आकड्यावर ठेवायचा, मधल्या लेव्हलचे पत्ते आणि पर्क निवडायचे, आणि सोनं १५ गुणिले (लेव्हल अधिक १). तिसऱ्या लेव्हलला ६०. पहिल्यांदाच खेळणारा असेल तर मात्र आम्ही पहिल्या लेव्हललाच बसवतो. जास्तीचे पर्याय त्याला मदत करत नाहीत, गोंधळात टाकतात.

६. स्टिकर आणि निवृत्ती

मोहिमेत एक विशिष्ट टप्पा पार झाला की पत्त्यांवर कायमचे स्टिकर लावून ते सुधारता येतात. कुठला टप्पा ते सांगत नाही, रस भंग होईल. एकाच शत्रूवरच्या हल्ल्याला अधिक एक लावायचे ५० सोनं, चालीला ३०. पत्ता पहिल्या लेव्हलच्या वरचा असेल तर प्रत्येक लेव्हलमागे २५ जास्त, आणि त्याच खेळीवर आधीचा स्टिकर असेल तर आणखी ७५. म्हणून सुरुवातीला पहिल्या लेव्हलच्या, रोज वापरातल्या पत्त्यावर लावा. चालीच्या पत्त्यावरचा स्टिकर दिसायला किरकोळ वाटतो, पण तो प्रत्येक सिनारिओत कामाला येतो.

पात्र घेताना वैयक्तिक ध्येयाचे दोन पत्ते मिळतात, त्यातला एक ठेवायचा. ते ध्येय पुरं झालं की पात्र निवृत्त होतं, मग ते चौथ्या लेव्हलला असो की नवव्या. नवे खेळाडू इथे हळवे होतात आणि ध्येय मुद्दाम लांबवतात. तसं करू नका. निवृत्तीमुळे बहुधा नवी सीलबंद पेटी उघडते, शहराची प्रॉस्पेरिटी एका खुणेने वाढते, आणि तुमच्या पुढच्या प्रत्येक पात्राला, तुम्ही जितकी पात्रं निवृत्त केलीत, तितके पर्क सुरुवातीलाच जास्त मिळतात.

निवृत्त होताना मात्र खिसा रिकामा हवा. पात्राचं सोनं नव्या पात्राला मिळत नाही, वस्तू शहराच्या बाजारात परत जातात. स्टिकर तेवढे पत्त्यावर राहतात, पुढे ते पात्र कुणीही घेतलं तरी. म्हणून ध्येय एका सिनारिओवर आलं की वहीत शिल्लक सोनं बघा. शहरात परतल्यावर कागद बाजूला ठेवण्याआधी एक्सपी पुरला असेल तर लेव्हल वाढवा, स्टिकर लावा, दान करा. वस्तू विकून स्टिकरला पैसे पुरतात का तेही बघा, कारण त्या नाहीतरी जाणारच आहेत. मग पत्ते पाकिटातून न काढता त्यांच्या पेटीत ठेवा, मॉडिफायर गड्डीत पर्कमुळे आलेले पत्ते वेगळे करून ती पुन्हा मूळच्या वीस पत्त्यांची करा, आणि नवी पेटी उघडायला सगळे भिडू हजर असतील असा रविवार धरा.